साठच्या दशकातले कमी खर्चाचे सायकेडेलिक लघुपट: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

फिल्म सोसायटीचे कार्यकर्ते, अ‍ॅनिमेशन शिकणारे विद्यार्थी आणि माळ्यावर जुनी रिळं सापडलेली मंडळी यांच्याकडून सतत येणारे प्रश्न इथे एकत्र केले आहेत. काळ साधारण १९५७ ते १९७२. ठिकाणं मुख्यतः सॅन फ्रान्सिस्को, लॉस एंजेलिस आणि न्यूयॉर्क, आणि जिथे खरंच संबंध येतो तिथे मुंबई. एकच गोष्ट दोनदा सांगण्याऐवजी त्या त्या प्रश्नाचा क्रमांक दिला आहे.

१. सायकेडेलिक लघुपट नक्की कशाला म्हणायचं? रंग भडक आणि चित्र वेडंवाकडं असलं की झालं?

तेवढ्याने होत नाही. टोनी कॉनरॅड यांच्या 'द फ्लिकर' (१९६६) मध्ये एकही रंग नाही, एकही चित्र नाही. फक्त काळ्या आणि पांढऱ्या फ्रेम (फिल्मपट्टीवरचे एकेक चौकोन) आहेत, आणि तरी ती या प्रकारातली सगळ्यात टोकाची फिल्म मानली जाते. खरी खूण म्हणजे गोष्ट सांगण्याऐवजी अशी फिल्म थेट नजरेवर काम करते. एकावर एक चढवलेल्या प्रतिमा, एकेका फ्रेमची केलेली मांडणी, सतत बदलणारा ताल आणि पडद्यावर नसलेलं काहीतरी दिसू लागणं, हे तिचं सामान. लांबी बहुधा ३ ते १५ मिनिटं, फिल्म १६ मिमी रुंदीची, आणि करणारी माणसं एक किंवा दोन. त्याच वर्षांत स्टुडिओंनी काढलेल्या 'ट्रिप'पटांचा (नशेच्या अनुभवावरच्या चित्रपटांचा) जमाखर्च आणि हेतू दोन्ही निराळे, म्हणून ते इथे घेतलेले नाहीत.

२. या फिल्म नशेत बनवल्या जात होत्या का?

काही जणांनी एलएसडी किंवा पेयोटी (भास घडवणारं निवडुंग) घेतल्याचं उघड सांगितलं आहे. कॅलिफोर्नियात ६ ऑक्टोबर १९६६ पर्यंत एलएसडीवर बंदीही नव्हती. पण अनुभव घेणं वेगळं आणि फिल्म करणं वेगळं. २४ फ्रेमचा एक सेकंद, १,४४० फ्रेमचं एक मिनिट, आणि त्यातली प्रत्येक फ्रेम मोजून कोणत्या खेपेला (त्याच फिल्मवर पुन्हा चित्रण करताना) किती उजेड द्यायचा ते वहीत टिपून ठेवायचं. हे काम शुद्धीतल्या, चिवट माणसाचंच आहे. प्रश्न ५ आणि १३ वाचले की याबद्दल शंका उरत नाही.

३. पहिल्यांदा पाहणाऱ्याने कोणत्या फिल्म आणि कोणत्या क्रमाने पाहाव्यात?

आधी स्टॅन ब्रॅकेज यांची 'मॉथलाइट' (१९६३, सुमारे ४ मिनिटं, मूक). ती डोळ्यांना वेगाची सवय लावते. मग स्टॉर्म द हर्श यांची 'पेयोटी क्वीन' (१९६५), ज्यात खरवडलेली आणि रंगवलेली फिल्म कॅमेऱ्याने टिपलेल्या दृश्यांशेजारी येते. त्यानंतर जॉर्डन बेल्सन यांची 'अल्यूर्स' (१९६१) आणि जेम्स व्हिटनी यांची 'लॅपिस' (१९६६) लागोपाठ पाहा. दोन्हींचा कल ध्यानाकडे आहे. शेवटी स्कॉट बार्टलेट यांची 'ऑफऑन' (१९६८) आणि ब्रूस कॉनर यांची 'लुकिंग फॉर मशरूम्स'.

एका बैठकीत सहाच्या वर नकोत. डोळे थकले की सातवी फिल्म कितीही चांगली असली तरी नुसती गिचमीड दिसते. दोन फिल्मच्या मध्ये अर्धा-एक मिनिट पडदा काळा ठेवा. 'द फ्लिकर' या यादीत मुद्दाम घातलेली नाही. त्याचं कारण प्रश्न १४ मध्ये आहे.

४. ८ मिमी, सुपर ८ आणि १६ मिमी यांत व्यवहारात काय फरक पडतो?

१६ मिमी: एका फुटात ४० फ्रेम. १०० फुटांच्या रिळात ४,००० फ्रेम, म्हणजे २४च्या वेगाने २ मिनिटं ४६ सेकंद. प्रयोगशाळेत प्रिंट काढता येते, आवाजाची पट्टी घेता येते, रीळ मागे फिरवता येतं. म्हणून बहुतेक गाजलेले लघुपट याच मापात आहेत.

रेग्युलर ८ मिमी: कॅमेऱ्यात जाते ती १६ मिमी रुंदीची २५ फूट फिल्म. आधी एक बाजू, मग रीळ उलटं करून दुसरी. धुतल्यावर ती उभी चिरतात आणि जोडून ५० फूट करतात. न चिरता १६ मिमीच्या प्रोजेक्टरवर लावली तर पडद्यावर एकदम चार छोटी चित्रं दिसतात, त्यांतली दोन उलटी आणि मागे चालणारी. हा प्रकार काहींनी मुद्दाम वापरला.

सुपर ८: कोडॅकने १९६५ मध्ये आणलं. फिल्म बंद डबीत येते, ५० फूट, ३,६०० फ्रेम. १८च्या वेगाने ३ मिनिटं २० सेकंद, २४ने अडीच मिनिटं. सगळ्यात स्वस्त आणि सोपं, पण मागे फिरवण्याची अडचण आहे (प्रश्न ७).

५. एकावर एक तीन-चार दृश्यं कॅमेऱ्यातच कशी चढवत? ऑप्टिकल प्रिंटरशिवाय हे शक्य होतं?

होतं, आणि बहुतेकांनी असंच केलं, कारण ऑप्टिकल प्रिंटरवरचं (एका फिल्मवरून दुसऱ्या फिल्मवर चित्र उतरवणाऱ्या यंत्रावरचं) काम फुटावर पैसे मोजून करावं लागे. बेन व्हॅन मीटर यांची १९६६ची फिल्म हे उत्तम उदाहरण. सॅन फ्रान्सिस्कोच्या लाँगशोअरमेन्स हॉलमध्ये २१ ते २३ जानेवारीला 'ट्रिप्स फेस्टिव्हल' झाला. त्यांनी तिन्ही रात्री तीच रिळं पुन्हा पुन्हा वापरली, त्यामुळे तीन रात्रींची गर्दी एका फ्रेममध्ये एकमेकांतून आरपार दिसते.

यासाठी स्वित्झर्लंडचा बोलेक्स एच-१६ हा आवडता कॅमेरा. तो चावीवर चालतो, बॅटरी लागत नाही. एका चावीत २४च्या वेगाने साधारण २८ सेकंद मिळतात. फ्रेम मोजणारा आकडा आहे आणि हँडलने फिल्म मागे नेता येते. पद्धत अशी:

१. रीळ भरताना गेटमध्ये (लेन्समागे फिल्मवर उजेड पडतो त्या खिडकीत) असलेल्या फ्रेमवर पक्क्या शाईच्या पेनाने फुली मारा. झाकण लावून काही फूट फिल्म पुढे जाऊ द्या आणि मग आकडा शून्यावर आणा.

२. पहिली खेप चित्रित करा. प्रत्येक दृश्याची सुरुवात आणि शेवट फ्रेमच्या आकड्यासकट वहीत लिहा. दृश्यातली उजळ जागा कुठे आहे (डावीकडे वर, मध्यभागी) हेही लिहा.

३. बदलतं शटर असेल तर पूर्ण बंद करा. नसेल तर लेन्सवर टोपी चढवा. रिफ्लेक्स मॉडेल (लेन्समधूनच दृश्य दाखवणारं) असेल तर डोळा लावायच्या भोकाची झडपही बंद करा, कारण तिथून आत गेलेला उजेड फिल्मपर्यंत पोचतो.

४. स्प्रिंगची मोटर सोडवा आणि हँडल उलटं फिरवा. आठ फ्रेमच्या दांड्यावर एका फेऱ्यात ८ फ्रेम मागे जातात. आकडा हव्या त्या जागेच्या १०–१२ फ्रेम मागे न्या, मग तितक्या पुढे आणा. गिअरमधली ढिलाई अशी निघून जाते.

५. मोटर पुन्हा जोडा, शटर उघडा, टोपी काढा आणि दुसरी खेप सुरू करा.

सर्वांत जास्त बिघडतं ते पाचव्या पायरीवर. टोपी तशीच राहते, आणि ते कळतं धुऊन आल्यावर. कॅमेऱ्याच्या दांड्याला 'टोपी' असं लिहिलेली चिकटपट्टी लावून ठेवणं हा साधा आणि खात्रीचा उपाय आहे.

६. प्रत्येक खेपेला उजेड किती कमी करायचा?

हिशेब साधा आहे. दोन खेपा असतील तर प्रत्येकी एक स्टॉप (म्हणजे उजेड निम्मा) कमी, तीन असतील तर दीड, चार असतील तर दोन. उजेडाचा मीटर लेन्सच्या भोकासाठी एफ-८ दाखवत असेल तर दोन खेपांना एफ-११, चारला एफ-१६. त्याहून सोपं म्हणजे मीटरवर फिल्मचा एएसए (उजेडाची संवेदनशीलता सांगणारा आकडा) खेपांच्या संख्येने गुणून लावा: ५० एएसए आणि तीन खेपा, तर १५०.

पण हा नियम आंधळेपणाने पाळला की फिल्म मळकट येते. काळी जागा फिल्मवर काहीच उमटवत नाही. म्हणून काळ्या पडद्यासमोरचा नर्तक, रात्रीचे दिवे किंवा काळ्या कागदावरचे पांढरे ठिपके टिपताना उजेड अजिबात कमी करू नका. कमी करायचा तो फक्त जिथे उजळ भागावर उजळ भाग पडणार आहे तिथे, आणि म्हणूनच वहीत उजळ जागा लिहायची. रिव्हर्सल फिल्मला (जी धुतल्यावर निगेटिव्हऐवजी थेट चित्र देते) चुकीची मुभा फार कमी असते. पांढरा पडलेला भाग प्रिंट काढताना परत येत नाही, त्यामुळे शंका असेल तेव्हा अर्धा स्टॉप कमीच ठेवा.

७. सुपर ८ची डबी मागे फिरत नाही. मग दुहेरी प्रतिमा कशी मिळवायची?

डबीतलं गुंडाळणारं चाक उलटं फिरत नाही. काही महागड्या कॅमेऱ्यांत ९०–१०० फ्रेमपर्यंत मागे जाता येतं, कारण तेवढी सैल फिल्म डबीच्या पोकळीत मावते. त्यापुढे जाल तर फिल्म अडकते. बाकीचे उपाय कॅमेऱ्यासमोरचे आहेत: ४५ अंशांत धरलेली साधी काच (समोरचं दृश्य आरपार, बाजूचं प्रतिबिंबात), तीन लांब आरसे त्रिकोणी बांधून केलेला कॅलिडोस्कोप, किंवा दोन प्रोजेक्टर एकाच पडद्यावर लावून तो पडदा चित्रित करणं. काचेच्या उपायात मागची बाजू काळ्या कापडाने झाका, नाहीतर स्वतः कॅमेरावालाच चित्रात येतो.

८. कॅमेराच नाही. तरी फिल्म करता येईल?

येईल, आणि या परंपरेतलं मोलाचं काम असंच झालेलं आहे. न्यूझीलंडचे लेन लाय १९३५ पासून फिल्मवर थेट रंगवत आणि खरवडत होते. हॅरी स्मिथ यांनी गोल स्टिकर, चिकटपट्टी आणि व्हॅसलीन लावून झाकलेल्या फिल्मवर रंग फवारले, बाटिकमध्ये मेण लावतात तसे. स्टॉर्म द हर्श यांच्याकडे कॅमेरा नव्हता. त्यांनी जुनी फिल्म, शस्त्रक्रियेची टाकाऊ हत्यारं आणि स्क्रूड्रायव्हरची धार एवढ्यावर 'डिव्हिनेशन्स' (१९६४) केली.

काय लागतं: काळं लीडर, म्हणजे चित्र नसलेली फिल्मपट्टी (खरवडायला) किंवा पारदर्शक लीडर (रंगवायला), शिवणाची सुई, पातळ ब्रश, लाइट बॉक्स आणि एक मोजपट्टी. ३६ फूट म्हणजे एक मिनिट. एक सेकंद म्हणजे फक्त १८ सेंटिमीटरच्या आसपास फिल्म.

आधी इमल्शनची (चित्र उमटणाऱ्या थराची) बाजू ओळखा. ती मंद दिसते. खात्री करायची तर ओठ किंचित ओला करून फिल्मच्या टोकाला लावा: चिकटेल ती इमल्शनची बाजू, निसटेल ती बेसची (प्लास्टिकची). खरवडायचं ते इमल्शनवर. रंगवताना मात्र बघून घ्या. पाण्यातली शाई जिलेटिन असलेल्या फिल्मवर छान मुरते. नुसत्या प्लास्टिकच्या पारदर्शक लीडरवर तिचे थेंब होतात आणि वाळल्यावर पोपडे निघतात. तिथे स्पिरिटवर आधारलेली मार्करची शाई घ्या.

ठिपका केवढा काढायचा याचा अंदाज सगळ्यांचा चुकतो. १६ मिमीची फ्रेम जेमतेम १० मिमी रुंद असते. तिच्यावरचा १ मिमीचा ठिपका दोन मीटरच्या पडद्यावर जवळजवळ २० सेंटिमीटरचा होतो. नाजूक नक्षी काढत बसण्यापेक्षा एकच आकार सलग ८–१० फ्रेम थोडा थोडा सरकवत न्या. तोच पडद्यावर जिवंत वाटतो. एका फ्रेमपुरती काढलेली गोष्ट सेकंदाचा फक्त चोविसावा भाग दिसते आणि नाहीशी होते.

रंगाचा थर जाड ठेवू नका. तो गेटमध्ये साचतो, फिल्म अडकते आणि दिव्यासमोर थांबलेली फ्रेम जळते. पूर्ण वाळायला एक रात्र द्या आणि शक्य तर मूळ फिल्म कधीच चालवू नका. तिची प्रिंट किंवा स्कॅन चालवा.

९. रंगीत फिल्म खरवडली की कधी निळी रेघ येते, कधी हिरवी. असं का?

थरांच्या क्रमामुळे. कॅमेऱ्यातल्या रंगीत रिव्हर्सल फिल्मवर सर्वांत वर पिवळा थर, मग किरमिजी, तळाला निळसर-हिरवा म्हणजे सायन. काळ्या भागावर हलकेच खरवडलं तर पिवळा निघून जातो आणि उरलेले दोन मिळून निळा दिसतो. आणखी दाब दिला की सायन, आणि पूर्ण खरवडलं की पांढरा. प्रिंट फिल्ममध्ये क्रम वेगळा असतो: वर किरमिजी, मध्ये सायन, तळाला पिवळा. त्यामुळे तिथे आधी हिरवी, मग पिवळी, मग पांढरी रेघ उमटते. हातातली फिल्म कोणती हे माहीत नसेल तर टोकाच्या चार फ्रेमवर तिन्ही दाबांनी रेघा ओढून पाहा.

१०. 'मॉथलाइट'सारखी फिल्म घरी करता येईल का?

येईल. ब्रॅकेज यांनी दिव्यापाशी मेलेल्या पतंगांचे पंख, पाकळ्या आणि गवताची पाती १६ मिमी रुंदीच्या, भोकं असलेल्या पारदर्शक स्प्लायसिंग (फिल्म जोडायच्या) टेपच्या दोन पट्ट्यांत दाबली आणि त्या पट्टीवरून प्रयोगशाळेत प्रिंट काढली. खर्च फक्त टेपचा आणि प्रिंटचा.

चुकतं ते जाडीत. देठ, बिया, पतंगाचं धड घेऊ नका. पानं आणि पाकळ्या जाड पुस्तकात आठवडाभर दाबून पूर्ण सुकवा, नाहीतर टेपच्या आत ओल धरते आणि बुरशी येते. आज ही पट्टी प्रोजेक्टरमध्ये घालण्यापेक्षा पारदर्शकता घेणाऱ्या फ्लॅटबेड स्कॅनरवर ४,८०० डीपीआयने स्कॅन करा. फ्रेमच्या रुंदीत साधारण १,९०० पिक्सेल मिळतात, एचडीला पुरेसे. मग फ्रेम कापून २४च्या वेगाने लावा.

११. तेल-पाण्याचे वाहणारे रंग कसे करत? घरी करताना सगळा चिखल होतो.

हे मूळचं मैफिलीतलं तंत्र. न्यूयॉर्कच्या फिलमोर ईस्टमध्ये जोशुआ लाइट शो आणि लंडनच्या यूएफओ क्लबमध्ये मार्क बॉइल यांनी ते वाजणाऱ्या बँडमागे केलं, आणि तिथून ते फिल्ममध्ये आलं. ओव्हरहेड प्रोजेक्टरवर घड्याळाच्या काचेसारख्या दोन बाकदार काचा, एकात एक बसणाऱ्या. खालच्या काचेत दोन-तीन चमचे रंगीत पाणी, त्यावर रंगीत तेल, आणि वरची काच दाबत-सोडत तालावर हलवायची.

चिखल होण्याचं कारण जवळजवळ नेहमी रंगांची निवड असतं. खाद्यरंग पाण्यात विरघळतो, तेलात नाही. तेलाला तेलातच विरघळणारा रंग लागतो, उदाहरणार्थ मेणबत्तीचा. दोन्हीकडे एकाच जातीचा रंग घातला तर सीमा राहत नाही. तेल म्हणून औषधाच्या दुकानातलं लिक्विड पॅराफिन उत्तम: रंगहीन, पातळ, वासही नाही. खोबरेल थंडीत गोठतं आणि मोहरीचं तेल स्वतःच पिवळं असतं. काचेला भांड्याच्या साबणाचा अंश राहिला तर तेलाचे मोठे गोळे फुटून दुधाळ पाणी होतं, म्हणून काचा दोनदा नुसत्या पाण्याने धुवा.

पाण्याला एक आणि तेलाला एक, असे दोनच रंग घ्या. तिसरा घातला की मिनिटा-दोन मिनिटांत तपकिरी. जुन्या ओव्हरहेडचा दिवा काच चांगलीच तापवतो, तेव्हा स्पिरिट किंवा थिनर अजिबात वापरू नका. चित्रित करताना पडद्यावरून नको, थेट वरून काचेवर कॅमेरा रोखा आणि फोकस हाताने लावून ठेवा. आपोआप फोकस थेंबामागे धावत राहतो.

१२. 'ऑफऑन'मधले ते फाटलेले, पेटल्यासारखे रंग कसे आले?

फिल्मची लूप (टोकं जोडून गोल फिरणारी पट्टी) टीव्हीच्या मिक्सरमधून काढून आणि पडद्यावर आलेलं चित्र पुन्हा १६ मिमीवर टिपून. फिल्म आणि व्हिडिओ एकमेकांत विणलेली ही सुरुवातीची मोठी फिल्म. २००४ मध्ये अमेरिकेच्या नॅशनल फिल्म रजिस्ट्रीत तिची निवड झाली.

तसं करून पाहायचं तर जुना पिक्चर ट्यूबचा टीव्ही शोधा. कॅमेरा त्याच टीव्हीला जोडून त्याच्याच पडद्यावर रोखला की चित्रात चित्र असा बोगदा तयार होतो. कॅमेरा ५–१० अंश तिरका केला की बोगद्याचा भोवरा होतो. सगळं पांढरं होत असेल तर टीव्हीचा ब्राइटनेस उतरवा. काहीच उमटत नसेल तर पडद्यासमोर क्षणभर टॉर्च दाखवा. आपल्याकडच्या टीव्हीसाठी कॅमेरा २५ फ्रेमवर आणि शटर १/५० वर ठेवा, नाहीतर काळा पट्टा वरखाली फिरत राहतो. अमेरिकेत २४ फ्रेमच्या कॅमेऱ्याने ३० फ्रेमचा टीव्ही टिपताना हाच पट्टा यायचा, आणि काही फिल्ममध्ये तो मुद्दाम ठेवलेला दिसतो.

१३. 'लॅपिस' कॉम्प्युटरवर केली असं वाचलं. १९६६ मध्ये?

आजच्या अर्थाने नाही. जेम्स यांचे भाऊ जॉन व्हिटनी यांनी दुसऱ्या महायुद्धातलं, भंगारात निघालेलं विमानवेधी तोफेचं नेम साधणारं यंत्र घेतलं आणि त्यातून कलाकृती व कॅमेरा अत्यंत अचूक सरकवणारी यंत्रणा बांधली. हा अ‍ॅनालॉग कॉम्प्युटर. हाताने काढलेल्या ठिपक्यांचं चित्र त्यावर थोडं थोडं फिरवत, त्याच फ्रेमवर पुन्हा पुन्हा उजेड देत हजारो ठिपक्यांचं मंडल उभं राहतं. काळ्यावर पांढरे ठिपके असल्यामुळे प्रश्न ६ मधली सवलत इथे पूर्णपणे लागू पडली. आधीच्या 'यंत्र' (१९५७) साठी जेम्स यांनी पुठ्ठ्याच्या कार्डांवर टाचणीने भोकं पाडून ठिपके केले होते, आणि त्यात कित्येक वर्षं गेली. 'यंत्र' हे नाव, मंडलाची रचना आणि 'लॅपिस'ला लावलेली रविशंकरांची सतार, या सगळ्यात भारतीय साधनेबद्दलची त्यांची खरी ओढ आहे.

१४. 'द फ्लिकर' पाहणं धोक्याचं आहे का?

काही लोकांसाठी, हो. फिल्मच्या सुरुवातीलाच अपस्माराबद्दलची सूचना आहे. २४च्या वेगाने एक काळी, एक पांढरी फ्रेम आली तर सेकंदाला १२ झपके होतात. दोन-दोन आल्या तर ६. सेकंदाला तीनपेक्षा जास्त मोठे झपके प्रकाशसंवेदी अपस्मार असलेल्याला त्रास देऊ शकतात. दाखवणार असाल तर तिकिटावर, दारावर आणि फिल्म लावण्याआधी तोंडी अशी तिन्ही ठिकाणी सूचना द्या. सभागृहात थोडा उजेड ठेवा, बाहेर पडायची वाट मोकळी ठेवा. कुणाला अस्वस्थ वाटलं तर एक डोळा तळहाताने पूर्ण झाकून नजर वळवायला सांगा. दोन्ही पापण्या मिटल्या तरी झपके आत जाणवतात.

निरोगी माणसाला यात रंग दिसतात, चक्रं दिसतात. ते फिल्मवर नसतात, मेंदू तयार करतो.

१५. ऑनलाइन पाहिलेली कॉपी फिकी आणि गुळगुळीत वाटते. दोष फिल्मचा की कॉपीचा?

बहुतेक वेळा कॉपीचा. तीन ठिकाणी बिघाड होतो.

वेग: १८च्या वेगाची ३ मिनिटं २० सेकंदांची सुपर ८ फिल्म २५ने चालवली तर २ मिनिटं २४ सेकंदांत संपते. कॅटलॉगमधली लांबी आणि कॉपीची लांबी ताडून पाहा.

फ्रेमची सरमिसळ: २४चं ३० करताना शेजारच्या फ्रेम एकमेकींत मिसळतात. जिथे एकेका फ्रेमचं चित्र आहे तिथे राखाडी लगदा होतो. यूट्यूबवर फिल्म थांबवून पूर्णविरामाची कळ दाबत एकेक फ्रेम पुढे जा. दोन चित्रं अर्धवट एकत्र दिसली तर ती कॉपी सोडून द्या.

दाबलेली फाइल: दाणा, खरवडीची धूळ आणि झपके हे तिन्ही कॉम्प्रेशनला आवरत नाहीत, म्हणून ते पुसले जातात. इलाज एकच, मोठी फाइल किंवा अधिकृत डिस्क.

१६. एकाच फिल्मला दोन ठिकाणी वेगळं संगीत का ऐकू येतं?

कधी फिल्मकारानेच बदललेलं असतं. 'लुकिंग फॉर मशरूम्स'च्या छोट्या आवृत्तीत बीटल्सचं गाणं आहे. १९९६ मध्ये कॉनर यांनी ती संथ आणि लांब केली तेव्हा टेरी रायली यांचं संगीत घेतलं. कधी हक्क नसल्यामुळे कुणीतरी आवाज बदलून अपलोड केलेलं असतं. आणि काही फिल्म मुळातच मूक आहेत. 'मॉथलाइट'खाली संगीत ऐकू आलं तर ते नंतर कुणीतरी चिकटवलेलं आहे.

आवाज स्वतः खरवडून करायचा असेल तर एक गोष्ट लक्षात ठेवा: १६ मिमीमध्ये ऑप्टिकल आवाज (फिल्मच्या काठावर छापलेला) चित्राच्या २६ फ्रेम पुढे असतो. ज्या फ्रेमवर ठोका हवा, तिथून फिल्मच्या सुरुवातीकडे २६ फ्रेम मोजून काठाच्या पट्टीवर खुणा करा. फ्रेमच्या उंचीत सारख्या अंतरावर १० रेघा मारल्या तर २४० हर्ट्झचा सूर मिळतो, २० मारल्या तर त्याच्या वरच्या सप्तकातला.

१७. आपल्याकडे असं काही झालं का?

झालं, आणि तेही सरकारी पैशाने. मुंबईच्या पेडर रोडवरच्या फिल्म्स डिव्हिजनमध्ये जाँ भावनगरी यांनी साठच्या दशकात तरुण दिग्दर्शकांना प्रयोगाची मोकळीक दिली. प्रमोद पती यांची 'एक्सप्लोरर' (१९६८) आजही धक्का देते: झपाट्याने आदळणारी चित्रं, झूम, नाचणारी तरुण मुलं, देवनागरी अक्षरं आणि विजय राघव राव यांचा आवाजाचा पट. 'ट्रिप' (१९७०) मध्ये मुंबई शहर वेगाने धावतं. 'अबिद' (१९७२) मध्ये चित्रकार आबिद सुरती यांना फ्रेमगणिक थांबवत, हलवत जिवंत माणसाचंच अ‍ॅनिमेशन केलं आहे. एस. एन. एस. शास्त्री यांची 'अँड आय मेक शॉर्ट फिल्म्स' (१९६८) हीसुद्धा याच वाऱ्यातली.

सरकारबाहेर, चित्रकार अकबर पदमसी यांनी नेहरू फेलोशिपच्या पैशातून १९६९ मध्ये मुंबईत व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप सुरू केलं. तिथे 'सिझिजी' ही रेषा आणि आकड्यांची फिल्म झाली. दुसऱ्या, 'इव्हेंट्स इन अ क्लाउड चेंबर'ची एकमेव प्रिंट हरवली. एकच प्रिंट काढायचं बजेट असलं की काय होतं, याचं इतकं चटका लावणारं उदाहरण दुसरं नाही.

यांना अमेरिकेतल्या भूमिगत फिल्मचं अनुकरण म्हणू नये. पती प्राग शहरात कळसूत्री अ‍ॅनिमेशन शिकून आले होते. त्यांची वाट युरोपातून येते.

१८. अमली पदार्थांविरुद्धच्या प्रचारपटांतही हेच रंग का दिसतात?

कारण धोका दाखवायला त्यांना तोच अनुभव पडद्यावर आणावा लागला, आणि तो आणण्याची तयार भाषा या लघुपटांनी घडवली होती. अमेरिकेच्या नॅशनल इन्स्टिट्यूट ऑफ मेंटल हेल्थसाठी केलेली 'क्युरियस अ‍ॅलिस' (१९७१) लहान मुलांसाठी होती. तिचं अ‍ॅनिमेशन इतकं लोभसवाणं आहे की इशारा बाजूलाच राहतो. अभ्यासासाठी या फिल्म जरूर पाहा, पण त्यांना या परंपरेच्या यादीत घालू नका.

१९. घरात जुनी रिळं सापडली. कुठल्या काळातली आहेत आणि चालवून पाहू का?

आधी वास घ्या. व्हिनेगरसारखा आंबट वास असेल तर अ‍ॅसिटेट (फिल्मचं प्लास्टिक) सडायला लागलं आहे. ते रीळ इतरांपासून लगेच वेगळं ठेवा. १६ मिमी सेफ्टी (सहज न पेटणाऱ्या) बेसवरच येत असल्यामुळे जुन्या नायट्रेट फिल्मसारख्या आगीची भीती नको.

मग आकुंचन तपासा. नव्या लीडरच्या १०० फ्रेमशेजारी जुन्या १०० फ्रेम ठेवा. पूर्ण एक फ्रेम कमी पडली तर प्रोजेक्टरवर लावू नका, दाते भोकं फाडतील.

काळ ओळखायला भिंगाने काठ पाहा. कोडॅकच्या फिल्मवर वर्तुळ, चौकोन, त्रिकोण अशी चिन्हं असतात. ती कच्ची फिल्म तयार झाल्याचं वर्ष सांगतात. त्या काळात चिन्हं दर २० वर्षांनी परत येत, त्यामुळे १९४७ आणि १९६७ यांचं चिन्ह एकच. शिवाय कमी बजेटवाले शिळी फिल्म स्वस्तात घेत, म्हणजे चित्रण दोन-चार वर्षं नंतरचंही असू शकतं. आणि प्रिंट असेल तर मूळ फिल्मचं चिन्हही काठावर उतरलेलं असू शकतं, म्हणून दोन चिन्हं दिसली तर गोंधळू नका. सगळी फिल्म गुलाबी झाली असेल तर ती ईस्टमनकलर प्रिंट. रंग टवटवीत असतील तर बहुधा कोडाक्रोम.

२०. सोसायटीत दाखवायच्या तर प्रिंट आणि परवानगी कुठून?

या फिल्मकारांनी वितरणही स्वतःच उभं केलं: न्यूयॉर्कची फिल्म-मेकर्स को-ऑपरेटिव्ह (१९६२), लंडनची को-ऑप (१९६६, आता लक्स), सॅन फ्रान्सिस्कोची कॅनियन सिनेमा. प्रत्येक फिल्मला एका खेळाचं भाडं ठरलेलं असतं. बेल्सन यांच्यासाठी लॉस एंजेलिसचं सेंटर फॉर व्हिज्युअल म्युझिक गाठा. फिल्म्स डिव्हिजनचं काम २०२२ पासून एनएफडीसीत (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात) विलीन झालं आहे, तेव्हा पती-शास्त्रींसाठी तिथे लिहा.

ऑनलाइन फुकट दिसते म्हणून सार्वजनिक खेळाची परवानगी आहे असं होत नाही. भारतात सिनेमाचा हक्क प्रकाशनानंतर ६० वर्षं चालतो, म्हणजे १९६८ची भारतीय फिल्म २०२८ अखेरपर्यंत. संगीताचे हक्क वेगळे असू शकतात (प्रश्न १६). जाहीर खेळाला सेन्सॉर प्रमाणपत्र किंवा त्यातून सूट लागते, आणि परदेशी १६ मिमी प्रिंट मागवायची तर कस्टमचे कागद, विमा आणि परतीची तारीख आधी ठरवा. प्रोजेक्टरचा सुटा दिवा आणि बेल्ट हातात असल्याशिवाय प्रिंट मागवूच नका.